शॉट ग्लासातलं कालव

पनवेलच्या मासळी बाजारात कालवं येतात ती फोडलेली. शिंपल्यासकट कालव विकायला आणलेलं तिथं सहसा दिसणार नाही, कारण शिंपल्याची खालची बाजू खडकाला जडलेली असते. ओहोटी लागली की बाया खडपात उतरतात, उकिडवं बसून कोयतीच्या टोकानं वरचं झाकण उडवतात, आतला मऊ गोळा अलगद सोडवून डब्यात टाकतात आणि पुढच्या कालवाकडे सरकतात. खालची वाटी खडकावरच राहते. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाणी लांबवर ओसरतं, तेव्हा कालवं भरपूर. अष्टमी-नवमीच्या भांगाला खडक नीट उघडेच पडत नाहीत, मग बाजारातही वाटे छोटे होतात. मी उरणकडचा. खडपातल्या कालवानं कापलेले तळपाय आणि मनगटं घरात लहानपणापासून बघितलेली. ती जखम बारीक असते पण चांगलीच चिघळते.

एवढं सांगायचं कारण आमचे शेठ. पनवेलहून गोव्याच्या रस्त्याला, कर्नाळ्याच्या अलीकडे आमचं रिसॉर्ट आहे. शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याची गिऱ्हाइकं, लग्नसराईत संगीत आणि कॉकटेल पार्ट्या, बाकी दिवस कंपन्यांच्या मीटिंगा. मी तिथं किचन बघतो. नवी मुंबईच्या विमानतळाचं ८ ऑक्टोबर २०२५ ला उद्घाटन झालं आणि आमच्या शेठच्या डोक्यात मेन्यूनंही उड्डाण घेतलं. गोव्यात कुणाच्या तरी लग्नात त्यांनी ऑयस्टर शॉट घेतला होता. फोनवरचा फोटो मला दाखवला: छोटा ग्लास, तळाशी कच्चं कालव, वर टोमॅटोचा लाल रस, व्होडका, दोन थेंब टबॅस्को, कडेला लिंबाची फोड. एका घोटात आत. "आपल्याकडे तर समुद्र दाराशी आहे," शेठ म्हणाले, "आपल्याला तर कालवं फुकटच पडतील."

फुकट पडतील हे ऐकून मला त्या खडपातल्या बाया आठवल्या, पण शेठशी बोलताना मी आधी हो म्हणतो आणि मग हळूहळू नाही म्हणतो. ही पद्धत मला या धंद्यात फार उपयोगी पडली आहे.

दुसऱ्या दिवशी बाजारात नेहमीच्या मावशींकडे गेलो. शॉट म्हणजे काय ते सांगितलं. मावशींनी टोपलीवरची माशी हाकलली आणि माझ्याकडे नीट बघितलं. "आरं, कच्चीच खाताव? शिजवायला लाकडं नाय का तुमचेकडं?" शेजारची जिताड्यावाली हसली. मावशींना मी म्हटलं, परदेशात लोक कच्चीच खातात. त्यावर त्यांचं म्हणणं असं की तिकडचं पाणी तिकडच्यांनी बघावं, इथलं आम्हाला माहीत आहे.

मावशींचा मुद्दा बरोबर होता, आणि त्यांनी न सांगितलेला आणखी एक मुद्दा त्यांच्या डब्यातच होता. कच्चं खायचं कालव फोडेपर्यंत जिवंत असावं लागतं. शिंपला घट्ट मिटलेला हवा, किंचित उघडा असेल तर वर टिचकी मारल्यावर तो मिटला पाहिजे. मिटला नाही तर कालव मेलेलं आणि मेलेलं कालव फेकायचं, त्यात चर्चा नाही. बाजारातली कालवं सकाळच्या ओहोटीला फोडलेली, डब्यातल्या पाण्यात तरंगत दुपारपर्यंत उन्हात बसलेली. मसाल्यात शिजवून खायला उत्तम. कच्ची खायला मुळीच नाहीत. आणि ती तशी कुणी खातही नव्हतं. आमच्याकडे कालवं आणली की आधी मिठाच्या पाण्यात चोळून शिंपल्याची कच काढायची, मग तेलावर कांदा, लसूण, आगरी मसाला, त्यात कालवं आणि आंबटाला कोकम किंवा कैरी. वरून पाणी घालायचं नाही, कालवं स्वतःच भरपूर पाणी सोडतात. ते पाणी आटेपर्यंत शिजवलं की सुकं तयार. हे मी शेठना खाऊ घातलं. दोन भाकऱ्या खाऊन हात धुताना म्हणाले, "हे झालं. शॉटचं काय?"

मी पूर्वी मुंबईच्या एका मोठ्या हॉटेलात होतो, तिथं बाहेरून येणारी ऑयस्टर उघडायचं काम शिकलो होतो. डाव्या हाताला जाड फडकं गुंडाळायचं, शिंपला त्यात असा धरायचा की खोलगट बाजू खाली आणि बिजागरी आपल्याकडे. आखूड, बोथट पात्याचा चाकू बिजागरीच्या फटीत घालायचा आणि जोर न लावता फिरवायचा. जोर लावला की चाकू सटकतो आणि तळहातात जातो. बारीक ‘टक’ असा आवाज येतो, बिजागरी सुटते. मग पातं वरच्या झाकणाला चिकटवून आत सरकवायचं, तिथं एक स्नायू असतो तो कापायचा. झाकण निघतं. खालचा स्नायू कापताना पातं गोळ्याच्या अंगाखालून न्यायचं, गोळा फाटू द्यायचा नाही, आणि मुख्य म्हणजे वाटीतलं खारं पाणी सांडू द्यायचं नाही. ज्याला ऑयस्टरची चव म्हणतात ती बरीचशी त्या पाण्यात असते. मग नाक जवळ न्यायचं. समुद्राचा वास आला तर ठीक, दुसरा कुठलाही आला तर कचऱ्यात. हे सगळं जमल्यावर बारमन ते ग्लासात टाकतो, वर दारू ओततो आणि टाळ्या त्याला मिळतात.

तर कसब होतं. प्रश्न होता कालव आणायचं कुठून. शेठचं लक्ष पनवेलच्या खाडीवर, आणि त्याहून जास्त व्होडकाच्या बाटलीवर. "अरे, दारूनं जंतू मरतात. सॅनिटायझर कशाचं असतं?"

हा समज एकट्या शेठचा नाही. ज्यांनी ज्यांनी हा शॉट घेतला आहे त्यांतल्या बहुतेकांच्या मनात कुठंतरी तो असतो. दारू, लिंबू, तिखट असं सगळं वरून आहे म्हणजे आतलं कच्चं प्रकरण निर्धोक झालं. कोरोनानंतर सगळ्यांनाच माहीत झालं आहे की हातावर चोळायच्या सॅनिटायझरमध्ये साठ टक्क्यांहून जास्त अल्कोहोल लागतं. आपल्याकडच्या व्होडका-रमच्या बाटलीवर ४२.८ टक्के लिहिलेलं असतं, आणि शॉटमध्ये रस मिसळल्यावर ते आणखी उतरतं. शिवाय जंतू कालवाच्या अंगावर बसलेले नसतात, आत असतात, त्याच्या आतड्यात आणि मांसात. दहा सेकंद दारूत पडलेल्या कालवाच्या आतपर्यंत दारू पोचत नाही. लिंबानंही काही होत नाही, टबॅस्कोनंही नाही. चव बदलते, बाकी जे आत आहे ते आतच राहतं.

आत काय असू शकतं? व्हिब्रिओ नावाचे जंतू कोमट, मचूळ पाण्यात आपोआप वाढतात, त्यांना गटाराची गरज नाही. कॉलऱ्याचा जंतू याच घराण्यातला. गटाराचं पाणी मिसळलं असेल तर नोरोव्हायरस आणि अ प्रकारची काविळ हेही येतात. युरोपात जुना नियम आहे की इंग्रजी नावात ‘र’ असलेल्या महिन्यांतच ऑयस्टर खावं, म्हणजे मे ते ऑगस्ट नाही. तिकडं हिवाळ्यात पाणी खरोखर गार असतं, म्हणून त्या नियमाला काही अर्थ आहे. आपला समुद्र डिसेंबर-जानेवारीतही वीस अंशांच्या खाली सहसा जात नाही. नियम उचलून इथं लावला तर कागदावर छान दिसेल, एवढंच.

या जंतूंबद्दलची एक गोष्ट वाचली तेव्हापासून मला सोडत नाही. व्हिब्रिओ व्हल्निफिकस नावाचा एक प्रकार धडधाकट माणसाला जुलाब-उलट्यांवर सोडून देईल, पण ज्याचं यकृत आधीच खराब आहे त्याच्या रक्तात शिरून दोन-तीन दिवसांत जीवही घेऊ शकतो. यकृत खराब होण्याची कारणं अनेक, पण त्यांत दारू फार वरच्या नंबरावर. म्हणजे बारच्या काउंटरवर कोपर टेकवून रोज बसणारा जो माणूस, हा शॉट सगळ्यात आधी मागवणार तोच आणि सगळ्यात जास्त धोका त्यालाच. ग्लासातल्या दारूकडून आपण रक्षणाची अपेक्षा करतो आणि आयुष्यभर प्यायलेल्या दारूनं दार आधीच उघडून ठेवलेलं असतं. मी हे शेठना सांगितलं तेव्हा ते थोडा वेळ गप्प बसले. त्यांचं स्वतःचं सोनोग्राफीचं काहीतरी नुकतंच झालेलं होतं.

राहिली पनवेलची खाडी. कालव एका जागी चिकटून असतं. अंगावरून जाणारं पाणी आत ओढतं, त्यातलं बारीकसारीक खातं आणि पाणी बाहेर सोडतं. अनुकूल पाण्यात मोठं ऑयस्टर दिवसाला शंभराहून जास्त लिटर पाणी गाळू शकतं. पाण्यात जे असेल ते त्याच्या अंगात साठतं. आमच्या पाण्यात काय आहे? गाढी नदी पनवेल शहराला वळसा घालून खाडीला मिळते. कासाडी तळोजा एमआयडीसीतून येते. ऑगस्ट २०१७ मध्ये तळोज्यात निळे कुत्रे दिसले होते, फोटो जगभर फिरले, कासाडीच्या पाण्यात सोडलेल्या रंगाची चर्चा तेव्हा झाली. कुत्र्यांचा रंग दिसला म्हणून बातमी झाली. कालवाचा रंग बदलत नाही. पुढे न्हावा-शेव्याचं बंदर, १९८९ पासूनचं, आणि आता उलवे नदीचा प्रवाह वळवून बांधलेला विमानतळ. माझ्या आजोबांच्या पिढीनं ज्या खाडीत निवट्या, चिंबोऱ्या आणि कालवं काढली ती खाडी नकाशावर शिल्लक आहे. जंतू उकळून मरतात, पण शिसं-कॅडमियमसारखे धातू शिजवूनही जात नाहीत. म्हणून आतल्या खाडीतलं कालव मी कच्चं तर सोडाच, शिजवूनही गिऱ्हाइकाच्या पुढ्यात ठेवत नाही. मावशी करंजा-अलिबागकडच्या मोकळ्या समुद्राच्या खडपातलं घेतात, त्यांना विचारलं की त्या जागेचं नाव सांगतात, आणि जिथलं नाही घेत तेही सांगतात. पावसाळ्यात त्या कालवांना हात लावत नाहीत. गोडं पाणी शिरतं, कालवं अंडी सोडून पोचट होतात, डोंगरापासूनची सगळी घाण वाहून येते. ही सगळी कारणं त्या एका वाक्यात सांगतात: पावसात कालव चांगलं नसतं.

मग सिंधुदुर्ग आठवला. तिथं काही वर्षांपूर्वी संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाच्या मदतीनं राज्य सरकारनं किनाऱ्यावरच्या जैवविविधतेचा एक प्रकल्प राबवला. त्यात महिला बचत गटांना कालवांची शेती शिकवली गेली. तंत्र कोचीच्या केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेनं तयार केलेलं. खाडीत बांबूचा सांगाडा किंवा तराफा, त्याला टांगलेल्या दोऱ्या, दोऱ्यांत ओवलेले रिकामे शिंपले. कालवाचं पिल्लू पाण्यात फिरत असतं, त्याला बसायला कठीण जागा लागते, ते या शिंपल्यांवर बसतं आणि तिथंच वाढतं. बाईला उन्हात खडकावर उकिडवं बसावं लागत नाही, आणि कालव अख्खं, मिटलेलं, जिवंत हातात येतं.

ओळखीतून तिकडचा माल मिळाला. कोकणकन्या संध्याकाळनंतर कुडाळ-कणकवलीहून निघते आणि पहाटे पनवेलला येते, हा आमच्या कामाचा मोठा आधार. कालवं पाठवताना ओल्या गोणपाटात, खोलगट बाजू खाली ठेवून रचायची, म्हणजे त्यांचं पाणी त्यांच्यातच राहतं. गार ठेवायची पण वितळलेल्या बर्फाच्या पाण्यात बुडू द्यायची नाहीत, गोड्या पाण्यात ती मरतात. प्लास्टिकच्या पिशवीत गाठ मारून तर कधीच नाही, गुदमरतात. पहिल्या खेपेला फलाटावरच गोणपाट उघडून टिचक्या मारत बसलो होतो. रेल्वे पोलीस येऊन बघून गेला, "मासे आहेत का?" म्हणाला. हो म्हटलं. सगळं समजावत बसलो असतो तर सकाळची लोकल भरली असती.

इतकं करूनही मी ती कच्ची देणार नव्हतो. परदेशात कच्च्या ऑयस्टरमागे एक मोठी व्यवस्था उभी असते: कुठल्या पाण्यातून काढलं त्याचं वर्गीकरण, त्या पाण्याची नेमानं तपासणी, निर्जंतुक केलेल्या वाहत्या पाण्यात दीड-दोन दिवस ठेवून पोट साफ करणं, पोत्यावर जागा आणि तारखेचं लेबल. त्या ग्लासात माणूस गिळतो ते कालव खरं तर या व्यवस्थेवरच्या विश्वासानं. आमच्या गोणपाटावर लेबल नव्हतं, एका ताईंचा फोन नंबर होता. माझा त्या ताईंवर पूर्ण विश्वास आहे, पण पाण्याची तपासणी त्यांच्या हातात नाही.

म्हणून वाफवायचं ठरवलं. मोदकपात्रासारख्या मोठ्या भांड्यात आधी वाफ भरू द्यायची, मग कालवं एका थरात मांडायची. चार ते नऊ मिनिटं वाफवावीत अशी अमेरिकेतल्या आरोग्य खात्याची शिफारस आहे, मी नवाकडे झुकतो. तोंड न उघडलेली टाकून द्यायची. उघडलेल्यांतलं पाणी मलमलीच्या फडक्यातून गाळून बाजूला, गोळे बर्फावर ठेवलेल्या कोरड्या भांड्यात. वाफवल्यानं गोळा आक्रसतो, कडा झालरीसारख्या चुणतात, कच्च्याचा तो गुळगुळीत बुळबुळीतपणा जातो. ज्यांना नेमकं तेच हवं असतं ते माझ्या शॉटला शॉट मानणार नाहीत, आणि त्यांचं तसं म्हणणं चूक नाही. कच्च्या ऑयस्टरला एक थंड, धातूसारखी, जिभेवर क्षणभर राहणारी चव असते, ती वाफवल्यावर राहत नाही. मला स्वतःला ती आवडते. गिऱ्हाइकाच्या जिवावर आवडून घ्यायची तयारी नाही.

टोमॅटोचा रस मी काढून टाकला. आपल्याकडे आंबटाला कोकम असताना टोमॅटो कशाला? आगळ, त्यात कालवाचं गाळलेलं पाणी, ठेचलेली हिरवी मिरची आणि लसणाची एक पाकळी थोडा वेळ बुडवून काढलेली, कोथिंबिरीचे देठ. मीठ घालायचं नाही, आगळात असतंच आणि कालवाच्या पाण्यात तर आहेच. सोलकढी करूनही बघितली, शेठना तीच पाहिजे होती, गुलाबी रंग फोटोत चांगला येतो म्हणून. पण नारळाचा मऊपणा कालवाच्या मऊपणावर चढतो आणि तोंडात काय आहे तेच कळत नाही. आगळाचा धारदार आंबटपणा कालवाला मोकळं ठेवतो. दारू साधी व्होडका, बर्फासारखी गार, पंधरा मिलीलिटरपेक्षा जास्त नाही. पुरा तीस मिलीलिटरचा पेग ओतला की बाकी सगळं वाहून जातं. क्रम असा: तळाशी कालव, वर आगळ, शेवटी चमच्याच्या पाठीवरून दारू, म्हणजे ती वर राहते. ओठाला आधी दारू लागते, मग आंबट, मग खारट गोळा. गोळा गिळायचा नाही, चावायचा. वेटरला मी हे एकच वाक्य पाठ करून घेतलं आहे: "सर, दोनदा चावा." न चावता गिळणाऱ्याला आपण काय खाल्लं हे सांगता येत नाही, फक्त खाल्लं हे सांगता येतं.

फेणी वापरून बघावी असं फार मनात होतं. काजूच्या फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, आणि कोकम-काजू हे एकाच मातीतले. पण तिचा वास इतका दांडगा की कालव बिचारं तिच्या शेजारी उभं राहत नाही. कालवांच्या सुक्याबरोबर ती प्यायला मिळाली तर गोष्ट वेगळी.

परवान्याचं काम बारकडे असतं, पण किचननंही लक्ष ठेवावं लागतं. महाराष्ट्रात बिअर एकवीसला चालते, कडक दारूला वय पंचवीस लागतं. संगीताच्या पार्टीत नवरीच्या मैत्रिणी बऱ्याचदा तेवीस-चोवीसच्या. त्यांच्यासाठी तोच ग्लास, दारूऐवजी वर थोडा सोडा. गंमत अशी की तो जास्त खपतो. त्यात कालवाची चव स्वच्छ लागते हे मला मान्य करावं लागलं. बारमनला ते अजून मान्य नाही. मेन्यूवर वाफवलेलं आहे असं मोठ्या अक्षरात लिहून घेतलं, शिंपल्याच्या मासळीची ॲलर्जी आहे का, हे वेटर आधीच विचारतो.

एकदा दक्षिण मुंबईचे एक गृहस्थ आले, पॅरिसमध्ये कच्चं खाल्लेलं, त्यांनी मला टेबलापाशी बोलावलं. "शेफ, हे शिजवून तुम्ही मजा घालवलीत." मी म्हटलं, "साहेब, पॅरिसमधल्या पोत्यावर खाडीचं नाव आणि तारीख असते. माझ्या पोत्यावर ती आली की पहिला कच्चा तुम्हाला." त्यांनी वाद घातला नाही, पण दुसराही मागवला नाही. त्यांच्याबरोबरच्या बाईंनी मात्र कालवांचं सुकं आणि तांदळाची भाकरी मागवली, मग ताटातलं थोडं त्यांनाही दिलं.

हिशेबाचं सांगायचं तर शॉट परवडत नाही. गाडीनं आणलेलं जिवंत कालव, त्यातली फेकली जाणारी, बर्फ, माणसाचा वेळ, हे धरलं तर एका ग्लासामागं हातात फारसं काही राहत नाही. सुकं मात्र बाजारातल्या कालवांचं, मावशींच्या वाट्यांचं, आणि शॉट घेणारं प्रत्येक तिसरं-चौथं टेबल पुढे सुकं मागवतं. पैसा तिथं सुटतो. मावशींना आता मी उधाणाच्या तिथी आधी विचारून ठेवतो आणि त्या दिवसांची पार्टी बघून वाटे बांधून घेतो. भाव त्यांनी वाढवला आहे. त्यांनी वाढवायलाच हवा होता.

जून लागला की दोन्ही पदार्थ मेन्यूतून उतरतात. शेठ विचारतात, पावसाळी पर्यटकांसाठी शॉट तरी ठेवता येईल का, फ्रोजन आणून. मी आधी हो म्हणतो.